नाझरेथचे दोन चित्रपट: आधी कोणता पाहावा?

पॅलेस्टिनी सिनेमाकडे वळू पाहणाऱ्याने दिग्दर्शक एलिया सुलेमान यांच्यापासून सुरुवात करावी की दिग्दर्शिका ॲनमेरी जासिर यांच्यापासून, हा प्रश्न माझ्यापुरता सुलेमान यांचा ‘द टाइम दॅट रिमेन्स’ (२००९) आणि जासिर यांचा ‘वाजिब’ (२०१७) या दोन चित्रपटांपाशी येऊन थांबला. दोन्ही मुख्यतः इस्रायलमधल्या नाझरेथ या अरब शहरात घडतात, दोन्हींत बाप-लेकाचे नाते केंद्रस्थानी आहे आणि अभिनेते सालेह बाक्री हे पहिल्यात बाप, तर दुसऱ्यात मुलगा झाले आहेत.

‘वाजिब’ चटकन आपलासा होतो. मुलीच्या लग्नाच्या पत्रिका घरोघरी जाऊन देण्यासाठी अबू शादी आणि इटलीहून आलेला त्यांचा वास्तुविशारद मुलगा दिवसभर गाडीतून फिरतात, आणि पत्रिका स्वतः नेऊन दिली नाही तर लोक रुसतात हे मराठी घराला समजावून सांगावे लागत नाही. मोहम्मद आणि सालेह बाक्री हे प्रत्यक्षातही बाप-लेक असल्याने त्यांच्यातला अबोलासुद्धा खरा वाटतो. मला खटकले ते गाडीतले वाद. मुख्याध्यापकपदाची आस असलेल्या बापाला एका इस्रायली परिचितालाही बोलवायचे आहे, आणि तो माणूस गुप्तहेर खात्याचा आहे अशी मुलाची खात्री आहे. इथे राहिलेल्याची तडजोड आणि बाहेर गेलेल्याचा ताठा एवढ्या एका पत्रिकेतूनच पुरेसा दिसतो. तरीही दोघे आपापली बाजू बोलून दाखवतात, आणि दुसऱ्यांदा पाहताना ते बोलणे मला जडच गेले. कदाचित इतरांना तेच जवळचे वाटेल.

सुलेमान यांनी वडिलांच्या नोंदवह्या आणि आईने दुरावलेल्या नातेवाइकांना लिहिलेली पत्रे यांवरून आपला चित्रपट रचला. १९४८ साली इस्रायली सैन्य शहराचे शरणागतीपत्र लिहून घेते, पुढे अरब मुलींचा गायनवृंद हिब्रू गीत म्हणतो, आणि अखेरच्या भागात स्वतः सुलेमान पडद्यावर येऊन एक शब्दही बोलत नाहीत. वेस्ट बँकमधल्या रामल्ला शहरात फोनवर बोलत येरझाऱ्या घालणाऱ्या तरुणामागे रणगाड्याची नळी फिरत राहते, आणि त्याचे तिकडे लक्षही नसते. १९४८ नंतर इस्रायलमध्येच राहिलेल्या, पण तिथल्या १९५० च्या कायद्याने मालमत्तेपुरत्या ‘गैरहजर’ ठरून ती गमावलेल्या अरब माणसांची अवस्था मला या मौनातून जितकी कळली, तितकी कोणत्याही युक्तिवादातून कळली नाही. घर न सोडताही विस्थापित होता येते, हे इथे कोणी सांगत नाही.

मात्र हा चित्रपट दशकांमागून दशके ओलांडत जातो आणि प्रेक्षकाला हात धरून नेत नाही. पॅलेस्टाईनची फाळणी आणि १९४८ चे युद्ध ही पार्श्वभूमी आणि इस्रायलमधील अरबांवर १९६६ पर्यंत असलेली लष्करी राजवट ठाऊक नसेल, तर पहिला अर्धा तास तुटक वाटण्याची शक्यता आहे. घरातल्या सगळ्यांना एकत्र बसून पाहायचा असेल तर ‘वाजिब’ अधिक सोयीचा ठरेल, हे मान्य करायला हवे. पण एकट्याने, सलग आणि मध्ये न थांबता पाहण्यासाठी एकच संध्याकाळ हाती असेल, तर मी सुलेमान यांचा चित्रपट आधी लावण्यास सुचवेन आणि ‘वाजिब’ त्यानंतरच्या आठवड्यासाठी ठेवेन.