लष्करी पदके बांधून देणारे कॅम्पातील दुकान

महात्मा गांधी रस्त्याच्या मागच्या गल्लीतील हे दुकान लष्करी पदके पट्टीवर बांधणे, जीर्ण फिती बदलणे आणि काचेच्या चौकटी तयार करणे एवढेच काम करते. मात्र ते ज्या जाणकारीने केले जाते, ती मला अन्यत्र आढळली नाही. माझे दिवंगत थोरले काका मराठा लाइट इन्फन्ट्रीत होते आणि १९७१ च्या युद्धात पूर्व आघाडीवर त्यांना वीर चक्र मिळाले होते. त्यांची पदके आम्ही येथे दिली.

मालकांनी दराआधी सेवापुस्तिका मागितली. पदकाच्या कडेवर कोरलेला क्रमांक, हुद्दा आणि नाव भिंगातून पाहून त्यांनी ते पुस्तिकेशी ताडून घेतले, आणि वीर चक्र चांदीचे असले तरी त्याला पॉलिश करण्यास स्वच्छ नकार दिला, कारण वारंवार घासल्याने ही अक्षरेच प्रथम पुसट होतात. निळ्या-केशरी फितीचा रंग उडाला होता. नवी फीत लावल्यावर जुनी त्यांनी पाकिटात घालून परत दिली.

घरच्यांच्या मते चौकटीत वीर चक्र एकटेच मध्यभागी असावे आणि बाकीची ‘सर्वांनाच मिळणारी’ पदके वगळावीत. मालकांनी त्याला नम्रपणे पण ठामपणे विरोध केला. वीर चक्र मानाच्या क्रमाने प्रथम येईल, त्यामागून ‘पूर्वी स्टार’ हे १९७१ च्या पूर्व आघाडीचे पदक, १९६५ चे रक्षा मेडल, १९७१ चे संग्राम मेडल आणि सर्वांत शेवटी दीर्घ सेवेची २० व ९ वर्षांची पदके येतील, असे सांगून ते म्हणाले, “शौर्य एका रात्रीचं असतं, साहेब, नऊ वर्षं चांगल्या वर्तणुकीनं काढणं निराळं.” काका सुभेदार होऊन निवृत्त झाले, पुढे बँकेत पहारेकरी होते आणि सुट्टीत साताऱ्याकडची शेती पाहत, वीर चक्राबद्दल विचारले की ते विषय बदलत, पलटणीतल्या स्वयंपाक्याच्या गोष्टी मात्र रंगवून सांगत. त्यामुळे हा सल्ला आम्हाला पटला, आणि पट्टी तशीच बांधून घेतली. पदके कापडी पाठीवर अशी शिवली आहेत की चालताना ती एकमेकांवर आपटत नाहीत.

नावपट्टीचे काम मात्र निष्काळजीपणाचे वाटले. छापील नमुन्यात ‘शहीद’ हा शब्द आधीच होता आणि काका युद्धातून सुखरूप परतले होते हे सांगूनही पहिल्या खेपेला पट्टी तशीच कोरून आली. ती विनामूल्य बदलून दिली, तरी वाढीव आठवडा गेला. चौकटीची काच फार चकाकते, म्हणून खिडकीसमोर ती टांगू नये. दर बाजारातील साध्या फ्रेमवाल्यांपेक्षा बरेच जास्त आहेत, परंतु शिवण आणि सागवानी लाकूड पाहता ते मला अवाजवी वाटले नाहीत.

गल्लीत गाडी लावायला जागा मिळत नाही, तेव्हा रिक्षाने जावे. २६ जानेवारी आणि १५ ऑगस्टच्या आधीच्या आठवड्यांत माजी सैनिकांची मोठी गर्दी असते. काम घाईचे नसेल तर तो काळ टाळावा आणि मूळ पदके देताना त्यांची छायाचित्रांसह पोच मागून घ्यावी, ती न मागता मिळत नाही.