अंपायरची पिशवी: कशावर पैसे घालावेत, काय दुकानातच राहू द्यावं

राज्य संघटनेची परीक्षा पास झाली की नवा पंच आधी खेळाच्या सामानाचं दुकान गाठतो. मुंबईत धोबीतलाव, बाकीच्यांना ऑनलाइन. तिथे ‘अंपायर किट’ नावाचं तयार पाकीट मिळतं: चेंडू मोजायचा एक काउंटर, बेल्सची (स्टंपवर ठेवायच्या छोट्या दांड्यांची) जोडी, टॉसचं नाणं आणि चार पानांची वही. ते घेऊ नये. त्यातली एकही वस्तू पहिला पाऊस काढत नाही, आणि सुटी खरेदी केली तर त्याच पैशात दोन चांगल्या वस्तू येतात.

सामान निवडताना एक हिशेब डोक्यात ठेवावा. इंदूरचे नितीन मेनन २००६ मध्ये बीसीसीआयच्या पंच परीक्षेला बसले. त्यांची पहिली कसोटी नोव्हेंबर २०१९ मध्ये लखनौला झाली, अफगाणिस्तान विरुद्ध वेस्ट इंडीज. जून २०२० मध्ये ते आयसीसीच्या एलिट पॅनलवर, म्हणजे पंचांच्या सर्वोच्च यादीत गेले. वेंकटराघवन आणि सुंदरम रवी यांच्यानंतर तिथे पोचलेले ते तिसरेच भारतीय. म्हणजे ज्यांचं सगळं जमून आलं त्यांनाही चौदा वर्षं लागली. वरच्या पायरीवर कानातलं यंत्र, दिव्याच्या बेल्स, लाइट मीटर, चेंडू-बॅटची मापं तपासायचं गेज सगळं आयोजकांकडून येतं. खाली क्लब, शाळा आणि ऑफिस लीगमध्ये तिन्ही स्टंप एका उंचीचे निघाले तरी नशीब. पिशवी लागते ती या खालच्या वर्षांसाठी.

सुरुवात काउंटरपासून, कारण रोज हातात राहणारी वस्तू तीच. बाजारात तीन प्रकार दिसतात. पहिला चाकांचा प्लास्टिक काउंटर: चेंडू, षटकं आणि बळी यांची वेगवेगळी चाकं अंगठ्याने फिरवायची. दुसरा धातूचा, बटण दाबलं की ०००१, ०००२ असा पुढे जाणारा. तो बसमधली माणसं मोजायला ठीक, सहावर थांबत नाही म्हणून आपल्या कामाचा नाही. तिसरा डिजिटल, ज्याचा पडदा मे महिन्याच्या उन्हात वाचता येत नाही आणि जुलैत ओला होऊन बंद पडतो. घ्यावा तो पहिलाच, पण दुकानात उभं राहून तपासून. प्रत्येक आकड्यावर चाक ‘टक’ असं अडकलं पाहिजे. सैल चाक खिशात घासून आपोआप पुढे सरकतं, फार घट्ट चाक घामेजल्या अंगठ्याखाली घसरतं. आकडे कोरलेले असावेत, नुसते छापलेले असले तर एका हंगामात पुसले जातात. साधारण दीडशे ते पाचशे रुपयांत चांगला नग मिळतो. त्यापुढचे पैसे रंगाचे.

काउंटर चुकतो तो बहुतेक वेळा हाताच्या सवयीमुळे. गोलंदाजाने चेंडू सोडताच क्लिक करणारे पंच नो-बॉलला हमखास फसतात, कारण क्लिक आधी झालेलं असतं आणि मागे फिरवायचं राहून जातं. चेंडू डेड झाल्यावर, म्हणजे त्या चेंडूवरचा खेळ संपल्यावर, खूण देऊन झाल्यावर मगच अंगठा हलवावा. वाईड आणि नो-बॉलला तो हलवायचाच नाही. चौथ्या वैध चेंडूनंतर दोन्ही पंचांनी एकमेकांना ‘दोन उरले’ अशी खूण करायची पद्धत आहे. ती क्लबच्या सामन्यात टाळली जाते आणि नेमकी तिथेच गरज असते, कारण स्कोअरर बऱ्याचदा फलंदाजीला जायच्या तयारीत बसलेला राखीव खेळाडूच असतो. क्रिकेटचा कायदा १७.५ सांगतो की पंचाने चेंडू चुकीचे मोजले तरी त्याने मोजलेलं षटकच ग्राह्य. म्हणजे चूक दुरुस्त होत नाही, ती धावफलकात राहते. १४ फेब्रुवारी २०१२ ला अॅडलेडच्या भारत–श्रीलंका एकदिवसीय सामन्यात श्रीलंकेच्या मलिंगाचं एक षटक पाच चेंडूंतच संपलं, आणि सामना बरोबरीत सुटला. मैदानावर दोन, वर तिसरा, एवढे पंच असताना.

पावसाळी सामन्यांसाठी दुसऱ्या खिशात सहा नाणी ठेवावीत. प्रत्येक वैध चेंडूला एक नाणं डावीकडून उजवीकडे. जुनी पद्धत आहे, अडकत नाही, ओली झाली तरी चालते. पँटीचा खिसा फाटका नसला म्हणजे झालं.

बेल्सच्या बाबतीत दुकानदाराचं ऐकू नये, पट्टी घेऊन जावी. कायद्यातलं माप असं: एकूण लांबी १०.९५ सेंमी, त्यात मधला जाड भाग ५.४०, लांब टोक ३.४९, आखूड टोक २.०६. स्वस्त बेल्सची दोन्ही टोकं सारखीच असतात, त्यामुळे मधल्या स्टंपच्या खाचेत दोन बेल्स एकमेकींना ढकलतात आणि चेंडू यष्टीरक्षकाकडे जायच्या आतच एक खाली पडते. बसवलेली बेल स्टंपच्या वर १.२७ सेंमीपेक्षा जास्त दिसता कामा नये. ओल्या हवेत लाकूड फुगतं आणि बेल खाचेत रुतते; मग चेंडू स्टंपला घासून जातो, बेल जागची हलत नाही आणि सगळा संघ पंचाकडे बघत राहतो. उपाय सोपा: दर मध्यंतरात बेल काढून खाच बोटाने पुसायची. पिशवीत लाकडी बेल्सच्या दोन जोड्या आणि वाऱ्यासाठी जड बेल्सची एक जोडी, एवढं पुरे. जड बेल्स खरोखर उपयोगी आहेत, पण वारा असेल तेव्हाच; एरवी हलक्या स्पर्शाने पडायला हवी ती बेल त्या पडू देत नाहीत. त्याही टिकत नसतील तर दोन्ही पंच ठरवून बेल्सशिवाय खेळ चालू ठेवू शकतात, मात्र दोन्ही टोकांच्या काढाव्या लागतात. एका टोकाला बेल्स आणि दुसऱ्या टोकाला नाहीत, असं करता येत नाही.

एलईडीच्या बेल्स हौस म्हणून घेणारे क्लब वाढले आहेत. पंचाने त्यावर स्वतःचा पैसा घालू नये. २०१९ च्या विश्वचषकात चेंडू स्टंपला लागूनही दिव्याच्या बेल्स न पडल्याचे प्रकार वारंवार घडले. तिथली महागडी यंत्रणा असं वागते, तर नकलेकडून काय अपेक्षा करायची?

चेंडूचं गेज ही नव्या पंचांची सगळ्यात दुर्लक्षित आणि आमच्या मते सगळ्यात वसूल होणारी खरेदी. दोन कड्या असतात. पुरुषांच्या चेंडूचा घेर २०१७ च्या नियमावलीनुसार २२.४ ते २२.९ सेंमी, वजन १५५.९ ते १६३ ग्रॅम. मोठ्या कडीतून चेंडू कसाही फिरवला तरी गेला पाहिजे, लहान कडीतून कसाही फिरवला तरी जाता कामा नये. दोन कड्यांच्या व्यासात फरक फक्त दीड मिलिमीटरच्या आसपास. म्हणून प्लास्टिकचं गेज घेऊ नये. गाडीच्या डिकीत दुपारभर तापलं की वाकतं आणि मग चांगला चेंडू बाद, फुगलेला चेंडू पास. धातूचं किंवा जाड अॅक्रिलिकचं घ्यावं. गोलंदाजीची बाजू ‘चेंडूचा आकार गेला’ म्हणून दर तिसऱ्या षटकाला तक्रार करते, तेव्हा कडी काढून सगळ्यांसमोर चेंडू फिरवला की वाद तिथेच मिटतो. गेज नसेल तर निकाल पंचाच्या चेहऱ्यावर ठरतो.

इथे एक खड्डा आहे. बीसीसीआयच्या यादीत शिरणाऱ्या पंचाला आधी मिळतात ते महिलांचे आणि वयोगटांचे सामने. महिलांच्या चेंडूचा घेर २१.० ते २२.५ सेंमी, वजन १४० ते १५१ ग्रॅम. पुरुषांचं गेज तिथे लावलं तर योग्य चेंडूही लहान कडीतून सरळ खाली पडतो. गेजवर कोणतं माप कोरलंय ते बघूनच पैसे द्यावेत. बदली चेंडूही जवळ लागतात: दहा, वीस, चाळीस, साठ षटकं वापरलेला प्रत्येकी एक, कापडी पिशवीत, वर षटकांचा आकडा लिहिलेला. नियम बदली चेंडू तितकाच झिजलेला मागतो, आणि क्लबकडे एक तर कोरा असतो किंवा नेटमधला चिंधी झालेला.

बॅटचं गेज सध्या फॅशनमध्ये आहे, कारण २०२५ च्या आयपीएलमध्ये पंच मैदानातच बॅट तपासताना दिसले. रुंदी १०.८, जाडी ६.७, कड ४.० सेंमी, ही तिन्ही मापं एकाच खाचेत बसतात. स्थानिक पातळीवर याची गरज क्वचित. राज्य संघटनेच्या वरच्या गटात गेल्यावर घेतलं तरी चालेल.

घड्याळ साधं, मोठ्या आकड्यांचं, स्टॉपवॉच असलेलं. स्मार्ट घड्याळाची सवय लावून घेऊ नये. आंतरराष्ट्रीय सामन्यांत भ्रष्टाचारविरोधी नियमांमुळे ते चालत नाही. नवा फलंदाज किती वेळात तयार हवा हे स्पर्धेप्रमाणे बदलतं: मूळ कायद्यात तीन मिनिटं, २०२३ च्या विश्वचषकात दोन. ६ नोव्हेंबर २०२३ ला दिल्लीत श्रीलंकेचा अँजेलो मॅथ्यूज बाद झाला तो याच मिनिटांवर. बळी पडताक्षणी स्टॉपवॉच दाबायची सवय हवी, अपील झाल्यावर अंदाज बांधायची नव्हे.

लाइट मीटर घेऊ नका. खरंच नको. उजेड खेळण्याजोगा आहे की नाही हा निर्णय दोन पंचांचा असतो, मीटरचा नव्हे; वरच्या पातळीवर मीटरचा उपयोग त्याच सामन्यात आधीच्या नोंदीशी तुलना करायला होतो. क्लब सामन्यात दोन पंचांकडे दोन कंपन्यांचे स्वस्त मीटर असले की आकडे जुळत नाहीत, आणि फलंदाजी करणारा कर्णधार आपल्या सोयीचा आकडा धरून बसतो. मोबाइलमधलं अॅप तर त्याहून वाईट, तो सेन्सर पडद्याची चमक जुळवण्यासाठी असतो. त्यापेक्षा स्क्वेअर लेगच्या जोडीदाराला विचारावं. तिथे मागे साइट स्क्रीन (चेंडू नीट दिसावा म्हणून उभा केलेला पडदा) नसतो, झाडं आणि इमारती असतात. चेंडू दिसेनासा व्हायला लागतो तो आधी तिथे.

वाचलेले पैसे बुटांत घालावेत. नव्वद षटकांच्या दिवसात पंच निम्मी षटकं गोलंदाजाच्या टोकाला उभा असतो: पंचेचाळीस षटकं, म्हणजे २७० चेंडू, प्रत्येकाला वाकून क्रीज बघणं आणि मान वर करणं. संध्याकाळी पाचला येणारा चुकीचा पायचीत पुष्कळदा टाचेतून सुरू होतो. रबरी स्टडचा तळ, रुंद पंजा, जाड मोज्यासाठी अर्धा नंबर मोठा; मुंबईच्या कांगा लीगसारख्या पावसाळी क्रिकेटला दुसरी कोरडी जोडी. टोपीची कड आतून गडद रंगाची असावी, पांढऱ्या कडेवरून उन्हाची तिरीप थेट डोळ्यात येते. चष्मा असेल तर उन्हात आपोआप काळी होणारी काच टाळावी: ढग आला की ती लगेच निवळत नाही, आणि तेवढ्या वेळात पंचाला मैदान आहे त्यापेक्षा अंधारं दिसतं.

संरक्षणाच्या सामानावर हसणारे अजून भेटतात. नोव्हेंबर २०१४ मध्ये इस्रायलमधल्या अश्दोदला स्थानिक सामन्यात चेंडू लागून पंच हिलेल आवासकर यांचा मृत्यू झाला. डिसेंबर २०१५ मध्ये दिंडीगुलला रणजी सामन्यात ऑस्ट्रेलियन पंच जॉन वॉर्ड यांच्या डोक्याला सरळ फटका लागला. जानेवारी २०१६ मध्ये कॅनबेराला ते हेल्मेट घालून उभे राहिले. आपल्याकडे पश्चिम पाठक यांनीही विजय हजारे स्पर्धेत हेल्मेट घातलं. ब्रूस ऑक्सनफर्ड यांची हातावरची पारदर्शक ढाल २०१६ च्या आयपीएलमध्ये दिसली. ढाल चेंडू अडवते, पण चेंडू येताना हात वर यायला हवा, आणि तो येण्यासाठी सराव लागतो. टी-ट्वेंटीत उभं राहणाऱ्याने बिनसंकोच हेल्मेट घ्यावं, फक्त जाळी नजरेच्या रेषेत येत नाही ना हे खाली क्रीजकडे बघून तपासावं. एरवी दोन पावलं मागे उभं राहणं फुकट आहे.

उरली सगळ्यात महत्त्वाची आणि सगळ्यात स्वस्त वस्तू: नियमावली. क्रिकेटचे कायदे बनवणाऱ्या एमसीसीचे (मेरिलीबोन क्रिकेट क्लबचे) ४२ कायदे संकेतस्थळावर मोफत आहेत. २०२२ मध्ये अहमदाबादला बीसीसीआयने महिला आणि कनिष्ठ गटाच्या सामन्यांसाठी पंच परीक्षा घेतली: लेखी १००, तोंडी ३५, व्हिडिओ ३५, शारीरिक चाचणी ३०, एकूण २०० गुण. सुमारे १४० जण बसले, पास झाले तीन. बहुतेकांची प्रत्यक्ष चाचणी बरी गेली, मार खाल्ला तो लेखीत. प्रश्न असे होते: पॅव्हेलियनची किंवा क्षेत्ररक्षकाची सावली खेळपट्टीवर पडते अशी फलंदाजाची तक्रार आहे, काय कराल? पॅव्हेलियनची सावली दुर्लक्षित करायची, क्षेत्ररक्षकाला मात्र स्थिर राहायला सांगायचं, नाहीतर डेड बॉल. किंवा: गोलंदाजाच्या चेंडू टाकायच्या हाताच्या तर्जनीला खरोखर जखम आहे, पट्टी काढली तर रक्त येईल, तरी काढायला लावाल? हो, गोलंदाजी करायची असेल तर काढावीच लागेल. त्याच वर्षी बीसीसीआयने वरच्या दोन श्रेणींतल्या पंचांसाठी प्रथम श्रेणी सामन्याचं मानधन दिवसाला ४०,००० आणि खालच्या श्रेणींसाठी ३०,००० रुपये ठेवलं होतं. अशा दोन प्रश्नांइतकं ज्ञान नसल्यामुळे ते मानधन हुकतं, काउंटर साधा असल्यामुळे नाही.

जुनी छापील प्रत कोणी भेट दिली तर वर्ष बघावं. ऑक्टोबर २०२२ च्या आधीच्या प्रतीत झेल पकडेपर्यंत फलंदाजांनी एकमेकांना ओलांडलं असेल तर नाबाद उरलेला जुनाच फलंदाज स्ट्राइकला जातो. आता षटक संपलं नसेल तर नवाच फलंदाज स्ट्राइकला येतो. नॉन-स्ट्रायकरला धावबाद करण्याचा भाग त्याच वेळी कायदा ४१ (अयोग्य खेळ) मधून ३८ (धावबाद) मध्ये गेला. चेंडूला लाळ लावणंही तेव्हाच कायद्याने बंद झालं, पण २०२५ च्या आयपीएलसाठी बीसीसीआयने ती परत चालू केली. म्हणून कायद्यांच्या जोडीला त्या-त्या स्पर्धेच्या खेळाच्या अटींची प्रत वेगळी छापून घ्यावी, प्लास्टिकच्या पाकिटात घालावी आणि टॉसआधी दोन्ही कर्णधारांना त्यातलं षटकांचं, पावसाचं आणि चेंडू बदलण्याचं कलम दाखवावं.