अडेनियम बियांपासून वाढवलं: दुसऱ्या पावसाळ्यानंतरचा अनुभव

आधीच सांगते, अडेनियम (डेझर्ट रोझ, फुगीर बुंध्याचं कुंडीतलं फुलझाड) लावताना तुम्हाला फूल हवंय तर कलमाचं रोप आणा आणि तो फुगलेला गुबगुबीत बुंधा हवाय तर बिया लावा, दोन्ही एकाच पाकिटात मिळत नाही. मी पुण्यात, गच्चीवर, गेल्या वर्षी मार्चमध्ये बिया टाकल्या, आता दुसरा पावसाळा काढून रोपं उभी आहेत म्हणून लिहितेय.

बिया ऑनलाइन घेतल्या, विक्रेत्याचं नाव घेत नाही. पाकिटावर काळपट जांभळी, तिहेरी पाकळ्यांची फुलं. निळी पण होती एकावर! निळं अडेनियम फक्त फोटोशॉपमध्ये फुलतं, त्याला पैसे घालू नका. बाकी रंगांचंही तसंच, बियांत परागीकरणाची सरमिसळ असते, आईसारखं मूल होईलच असं नाही. माझ्याकडे यंदा उन्हाळ्यात ज्यांना फुलं आली ती साधी गुलाबी, एकच जरा बरं, पांढरट आणि कडेला गुलाबी. म्हणून तक्रार फुलांची नाहीये, खोट्या फोटोंची आहे.

बी म्हणजे सेंटीमीटरभर लांब तपकिरी काडी, शेंगेतून निघते तेव्हा दोन्ही टोकांना रेशमी केसांचे झुपके असतात, विकणारे ते काढून टाकतात. बी ताजं असणं सगळ्यात महत्त्वाचं, जुन्याची उगवण झपाट्याने कमी होते. बोटांत दाबून बघा, आत पोकळ लागलं तर ते गेलेलंच. कोमट पाण्यात काही तास भिजवून कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) आणि परलाइटवर (पांढरे हलके खनिजाचे दाणे) आडवं ठेवायचं, वरून अगदी पातळ थर. पुण्यातला मार्चचा उकाडा त्याला मानवतो, चार-पाच दिवसांत माना वर. आणि गंमत म्हणजे पहिली दोन पानं उघडायच्या आधीच खालचा देठ फुगलेला असतो, कटिंगला असा बुंधा धरत नाही, सगळा खटाटोप याचसाठी. काहींच्या डोक्यावर बियांचं टरफल अडकून बसतं, ओढू नका, पाण्याचा थेंब टाकून मऊ झालं की नखाने अलगद सरकवा.

सुरुवातीला काही रोपं बुडाशी पाणचट होऊन आडवी पडतात, तेवढी धरूनच चाला. पाणी सकाळी, तेही थोडं.

याला ‘इनडोअर’ म्हणून विकतात ते मला पटत नाही. साहेल (सहाराच्या दक्षिणेचा कोरडा पट्टा), पूर्व आफ्रिका, अरबस्तान इकडचं झाड हे, त्याला पाच-सहा तास थेट ऊन पाहिजे. माझ्या बहिणीच्या हॉलमधलं रोप त्याच बियांचं, नुसतं काठीसारखं उंच झालंय, बुंधा नावालाच. मातीत मी अर्धं सिंडर (जळक्या कोळशाचे खडे) आणि उरलेल्यात जाड वाळू, वीटचुरा, थोडं गांडूळखत घालते. बागेतली काळी माती अजिबात नको.

खरी परीक्षा पावसाळ्यात. जूनमध्ये सगळ्या कुंड्या पत्र्याखाली, आणि रोज जाता येता अंगठ्याने बुंधा दाबून बघायचा. कडक असेल तर निवांत. मऊ लागला आणि माती ओली असेल तर कूज, माती कोरडी ठाक असेल तर बिचाऱ्याला तहान लागलीय, हा फरक कळला की अर्धं काम झालं. कुजलेलं रोप उपटून आतला स्वच्छ पांढरा भाग दिसेपर्यंत कापायचं, दरवेळी ब्लेड पुसून, मग बुरशीनाशक लावून सावलीत आठवडाभर सुकवायचं. काही वाचतात, काही नाही वाचत. थंडीत, डिसेंबर-जानेवारीत, पुण्यात पानं गळतात, घाबरून पाणी वाढवू नका, उलट कमी करा.

किडींमध्ये पिठ्या ढेकूण आहेच, निंबोळी तेलाने भागतं. पण खरा खादाड म्हणजे कण्हेरीवर येणारी ती जाडजूड हिरवी अळी, पुढच्या बाजूला दोन निळे डोळे काढल्यासारखे ठिपके. सदाफुली, तगर, अडेनियम, सगळं एकाच कुळातलं, तिला सगळं चालतं. एका रात्रीत शेंडा बोडका करते. ती सहज दिसत नाही, खाली पडलेल्या काळ्या लेंड्या दिसतात, त्याच्या बरोब्बर वर शोधायची. फवारणी वगैरे काही नाही, चिमट्याने उचलायची. (पतंग मात्र काय देखणा होतो हो तिचा.)

कण्हेरीच्या कुळातलं म्हणजे चीकही विषारी, आफ्रिकेत बाणांना लावायचे. छाटणी हातमोजे घालूनच, घरात लहान मूल किंवा पानं कुरतडणारं मांजर असेल तर नीट विचार करा.

यंदा कुंड्या बदलताना रोपं जरा वर उचलून लावली, वरची जाड मुळं उघडी राहिली आणि झाडाला एकदम वय आल्यासारखं दिसायला लागलं, नर्सरीतल्या कलमांच्या दुप्पट किमतीला मी हे देणार नाही. गुलाबी कंटाळवाण्यांवर मात्र होळीनंतर शेजारच्या काकूंच्या गडद लाल अडेनियमची कलमं चढवणार आहे, काड्या द्यायचं त्यांनी कबूल केलंय. बिया परत घ्यायच्या झाल्या तर फेब्रुवारीतच घेईन, जुलैत पाकीट कितीही स्वस्त असलं तरी.