एस३६.५: मोठ्या आतड्याच्या दुखापतीचे कोड, आठ महिन्यांनंतर

हे लिहायला निमित्त म्हणजे आयसीडी-१०-सीएम या अमेरिकेतल्या निदान-कोडांच्या यादीतला, सहा अक्षरांवर थांबवलेला एक कोड. एस३६.५३३ लिहून विम्याचा क्लेम गेला आणि अवैध म्हणून परत आला, कारण शेवटचं, सातवं अक्षर ए राहिलं होतं. चूक कोडिंगचीच, पण या गटात ती सहज होते: सहाव्या अंकापर्यंत प्रकार आणि जागा दोन्ही सांगून होतात आणि कोड पूर्ण वाटतो.

मांडणी सर्वांना माहीत आहेच. पाचवा अंक दुखापतीचा प्रकार सांगतो: ० अनिर्दिष्ट, १ प्राथमिक स्फोटाची, २ मुका मार, ३ फाटणं, ९ इतर. सहावा अंक कोलनमधली, म्हणजे मोठ्या आतड्यातली, जागा: ० असेंडिंग (चढता भाग), १ ट्रान्सव्हर्स (आडवा), २ डिसेंडिंग (उतरता), ३ सिग्मॉइड (गुदाशयाआधीचा वळणदार भाग), ८ इतर भाग, ९ अनिर्दिष्ट भाग. पाच गुणिले सहा म्हणजे तीस, आणि उपचाराचा टप्पा सांगणारी सातव्या जागची ए, डी, एस ही अक्षरं धरून नव्वद वैध कोड. सुरुवातीला हा पसारा वाटला. आता वाटत नाही. पाचही प्रकारांत जागेचे अंक तेच असल्याने आठवडाभरात यादी उघडावी लागत नाही. गुदाशयाकडे वळताना मात्र सांभाळा. तिथे जागेचा अंक नाही, म्हणून सहाव्या जागी एक्स येतो: एस३६.६३एक्सए. कोलनच्या सवयीने तिथे ३ टाकला की कोड बाद.

८ आणि ९ मधला फरक जपावा. हिपॅटिक आणि स्प्लेनिक फ्लेक्शरला (यकृताजवळच्या आणि प्लीहेजवळच्या वळणाला) इथे स्वतःचा अंक नाही, कर्करोगाच्या सी१८ गटात मात्र दोघांना वेगळे कोड आहेत. नोंदीत फ्लेक्शर स्पष्ट लिहिला असेल तर तो ८. नोंदीत जागाच नसेल तर ९, पण त्याआधी ऑपरेशन नोट शेवटपर्यंत वाचा. निदानाच्या ओळीत फक्त 'कोलन इंज्युरी' असतं आणि जागा शिवणकामाच्या वर्णनात सापडते.

आता खरी तक्रार: एस३६.५३ मध्ये तीव्रता नोंदवायची सोयच नाही. प्लीहेच्या फाटण्याला वरवरची, मध्यम आणि मोठी असे एस३६.०३०, ०३१, ०३२ हे तीन कोड. यकृताला एस३६.११४ ते ११६, तेही सेंटिमीटरच्या मापासह. कोलनला काहीच नाही. शल्यचिकित्सक ट्रॉमाच्या श्रेणीत लिहितात: आतड्याच्या परिघाच्या निम्म्याहून कमी फाटलं तर दुसरी, निम्मं किंवा जास्त पण सलग असेल तर तिसरी, पूर्ण तुटलं तर चौथी. कोडमध्ये हे सगळे एकाच घरात बसतात. दोन टाक्यांत शिवलेलं सिग्मॉइड आणि कापून काढून कोलोस्टोमी (मल बाहेर पडण्यासाठी पोटावर काढलेलं आतड्याचं तोंड) केलेलं सिग्मॉइड, दोघांनाही एस३६.५३३ए. फरक दिसतो तो केवळ शस्त्रक्रियेच्या कोडमधून. पुढे कुणी केवळ निदानाच्या कोडवरून दुखापतींचा अभ्यास केला तर हे दोन रुग्ण त्याला सारखेच दिसतील. पाचव्या अंकात ४ ते ८ रिकामे पडलेले असताना हे खटकतं.

जुन्या आयसीडी-९ मध्ये पोटाची उघडी जखम कोडमध्येच यायची: सिग्मॉइडला ८६३.४४ बंद जखमेसाठी, ८६३.५४ उघडीसाठी. १ ऑक्टोबर २०१५ पासून अमेरिकेत ती वेगळी, एस३१ मधून द्यावी लागते. आधी हे वाढीव काम वाटायचं. आता मत बदललंय, कारण जखम पोटाच्या कोणत्या भागात आहे हेही नोंदवलं जातं. चाकूहल्ल्यात डाव्या खालच्या भागातून सिग्मॉइड फाटलं तर एस३६.५३३ए, एस३१.६१४ए (पोटावरची जखम) आणि एक्स९९.१एक्सएक्सए (चाकूहल्ला). इथे एस३१.११४ए टाकू नका. तो पेरिटोनियमपर्यंत, म्हणजे पोटाच्या पोकळीच्या अस्तरापर्यंत, न पोचलेल्या जखमेचा आहे, आणि त्याच वाराने आतडं फाटलंय असं म्हणत हा कोड दिला तर दोन्ही नोंदी एकमेकींना खोटं ठरवतात.

कोलोनोस्कोपीत चुकून पडलेलं छिद्र या गटात येत नाही. ते के९१.७१, तेही डॉक्टरांनी गुंतागुंत म्हणून लिहिलं असेल तरच. मार न लागता पडलेलं छिद्र के६३.१, आणि डायव्हर्टिक्युलायटिसमुळे (आतड्याच्या भिंतीतल्या पिशव्यांना सूज आल्यामुळे) असेल तर के५७ गटात. 'परफोरेशन' (छिद्र) हा एकच शब्द वाचून एस३६ उघडणं हा या कामातला सर्वात महागडा शॉर्टकट.

सातव्या अक्षराबद्दलही अनेकांचा गैरसमज आहे. ए म्हणजे पहिली भेट नव्हे, सक्रिय उपचार चालू असणं. दुसऱ्या दिवशी पुन्हा पोट उघडून शस्त्रक्रिया झाली तरी ए च. भरून येण्याच्या काळातल्या तपासणीला डी. एस, म्हणजे दुखापतीचा मागे उरलेला परिणाम, देताना आज जो परिणाम दिसतोय त्याचा कोड आधी, दुखापतीचा नंतर. कोलोस्टोमी बंद करायला रुग्ण आला तर झेड४३.३, कारण पोटावरचं ते तोंड बंद करणं त्या वर्गात धरलेलं आहे. झेड९३.३ फक्त कोलोस्टोमी असल्याचं सांगतो.

या कोड-गटाला पाचपैकी साडेतीन. गेलेला दीड गुण पूर्णपणे एस३६.५३ चा.