सीताबर्डीचा रविवारचा मेडिकल कोडिंग क्लास: विषबाधेच्या धड्यातच फी वसूल झाली

नागपूरच्या रामदासपेठेतल्या एका खासगी हॉस्पिटलच्या मेडिकल रेकॉर्डमध्ये मला अकरा वर्षं झाली. पेशंटला सुटी झाली की त्याची फाइल माझ्या टेबलावर येते आणि निदानाला आयसीडी-१० चा, म्हणजे डब्ल्यूएचओच्या आजारांच्या यादीतला, कोड मी लावते. ऑगस्ट ते ऑक्टोबर काटोल, नरखेड, हिंगणघाट, यवतमाळकडून कापसावर फवारणी करताना विषबाधा झालेले पेशंट येतात. फाइलवर घाईत 'पॉयझनिंग' एवढंच लिहिलेलं असायचं आणि मी टी६०.९ लावून मोकळी व्हायची. म्हणजे कीटकनाशक, पण कोणतं ते नमूद नाही. असे किती कोड माझ्या हातून गेले, हे आठवलं की जिवाला लागतं.

सीताबर्डीच्या या क्लासआधी एका दुसऱ्या क्लासला तीस हजार भरले होते. तिथे सगळं अमेरिकन कोडिंग. हैदराबाद-चेन्नईच्या कंपन्यांत नोकरी हवी असेल तर तेच लागतं, त्याबद्दल तक्रार नाही. पण त्या पद्धतीत टी६०.०एक्स१ए या एकाच कोडात विष, हेतू आणि उपचाराचा टप्पा असं सगळं येतं. आपल्याकडच्या डब्ल्यूएचओच्या आवृत्तीत विषाला टी आणि ते कसं झालं याला एक्स किंवा वाय, असे दोन वेगळे कोड लागतात. हा फरक तिथे कुणी सांगितलाच नाही. महिनाभर आमच्या सॉफ्टवेअरमध्ये न बसणारे कोड घेऊन मी रडकुंडीला आले होते.

सीताबर्डीच्या मॅडमनी विषबाधेचा धडा सुरू केला तो फळ्यावर 'औषध' हा एकच शब्द लिहून. मग नातेवाइकांच्या तोंडची तीन वाक्यं: औषध घेतलं. औषध लागलं. औषधाची रिॲक्शन आली. आपल्या विदर्भात फवारणीचं विषही औषध आणि तापाची गोळीही औषध! पहिल्यात माणसाने जीव द्यायला कीटकनाशक प्यायलं, एक्स६८. दुसऱ्यात फवारताना अंगावर, नाकातोंडात गेलं, एक्स४८. तिसऱ्यात डॉक्टरांनी दिलेली गोळी सोसली नाही, ते वाय४० ते वाय५९ मध्ये. कीटकनाशकांच्या टी६० चा तिथे संबंधच नाही. हेतू खरोखरच ठरत नसेल तर वाय१८. 'वाय१८ हा आळसाचा कोड नाही, आधी जाऊन विचारा,' हे मॅडमनी दोनदा सांगितलं. आणि पहिल्या-दुसऱ्यातला फरक कागदापुरता नाही. गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात योजनेत कीटकनाशक हाताळताना झालेली विषबाधा बसते, आत्महत्या बसत नाही.

आयसीडी-१० च्या तिसऱ्या खंडातला रसायनांचा तक्ता त्यांनी बोट ठेवून वाचायला शिकवला: आडव्या ओळीत रसायन, उभ्या रकान्यांत अपघात, स्वतःहून, हेतू अनिश्चित. मोनोक्रोटोफॉस, प्रोफेनोफॉस टी६०.० मध्ये, एंडोसल्फान टी६०.१, तणनाशकं टी६०.३. डायफेन्थियुरॉन हे कीटकनाशक मोनोक्रोटोफॉससारखं ऑर्गॅनोफॉस्फेट नाही, तरी फाइलवर सर्रास 'ओपी', म्हणजे ऑर्गॅनोफॉस्फेट, लिहिलं जातं. २०१७ च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने २० हून अधिक माणसं गेली, तेव्हा कोणत्या रसायनाने किती, हाच प्रश्न होता. सगळ्या फाइलींवर टी६०.९ असेल तर त्याचं उत्तर निघणार कुठून?

धड्यानंतरच्या आठवड्यातच नरखेडकडचा एक मुलगा आयसीयूत होता. डोळ्यांच्या बाहुल्या टाचणीएवढ्या, ॲट्रोपिनचा उतारा चालू, फाइलवर नेहमीचंच 'पॉयझनिंग'. मी बाहेर बसलेल्या त्याच्या भावाला विचारलं, ''दादा, औषध घेतलं की मारत होता?''

''नाही ना ताई, मारत होता. पंप गळत होता पाठीवर, सदरा पुरा ओला झालता.''

त्याच्या मोबाइलमध्ये डब्याचा फोटो होता. बोटाने मोठा करून वाचला: प्रोफेनोफॉस ४०% अधिक सायपरमेथ्रिन ४% ईसी. तो मी निवासी डॉक्टरांना दाखवला, त्यांनी भावाशी बोलून फाइलमध्ये लिहिलं, मगच कोड लावले: टी६०.० आणि एक्स४८.७. शेवटचा सात म्हणजे शेत. अकरा वर्षांत मी तो सात पहिल्यांदा टाकला.

क्लासच्या उणिवाही सांगते. बावीस जणांत तिसऱ्या खंडाच्या दोनच प्रती, झेरॉक्स पुसट. साप-विंचवाचा टी६३ अर्ध्या तासात उरकला, तो आपल्या भागाला पुरणारा नाही. आयसीडी-११ या पुढच्या आवृत्तीचं नुसतं नाव घेतलं. फी साडेसहा हजार, आठ रविवार, सकाळी दहा ते एक. रेकॉर्डमध्ये काम करणाऱ्यांनी जरूर जावं. नुसती परदेशी कंपनीची परीक्षा द्यायची असेल तर हा क्लास तुमच्यासाठी नाही.

पुढची बॅच पोळ्यानंतरच्या रविवारी सुरू होते. मॅडमनी मला एका तासाला बोलावलंय. नरखेडच्या त्या फाइलची, नाव-गाव झाकलेली प्रत घेऊन मी जाणार आहे.