विशाखापट्टणमची कुर्सुरा: आधी मुदपाकखाना बघा, मग पाणतीर

कुर्सुरा म्हणजे समुद्रकिनाऱ्यावर संग्रहालय करून ठेवलेली आपल्या नौदलाची जुनी पाणबुडी. आधी गुडघ्यांचं सांगते. पाणबुडीत एका कप्प्यातून पुढच्या कप्प्यात जायला गोल दारं असतात. त्यातून आधी एक पाय, मग डोकं, मग उरलेली तुम्ही, या क्रमाने जायचं. साडी नेसून जाऊ नका. मी नेसले होते आणि दुसऱ्या दारात पदर अडकला. मागे शाळेची सहल होती. चाळीस पोरं माझा पदर सुटायची वाट बघत शांत उभी होती, इतकी शांत की मलाच लाज वाटली.

आमची सात दिवसांची सहल. अरकू, बोरा गुहा, सिंहाचलम आणि परतीच्या आदल्या संध्याकाळी 'पाणबुडी, अर्धा तास, फोटो'. सहलवाल्याचं नाव लिहीत नाही. तो खाली बसमधून हॉर्न वाजवत राहिला आणि आम्ही तिसऱ्या कप्प्यापर्यंत पोचून परत फिरलो. ह्यांनी रात्री जेवताना तोंडातून शब्द काढला नाही. दुसऱ्या दिवशी सगळे खरेदीला गेले आणि आम्ही दोघं रिक्षा करून पुन्हा रामकृष्ण बीचवर. म्हणजे ही जागा मी दोनदा पैसे भरून पाहिली आहे. तिकिटाची रक्कम चहा-नाश्त्याच्या हिशेबातली आहे, त्यात काही नाही. उघडण्या-बंद होण्याच्या वेळा मात्र निघण्याआधी बघून घ्या.

'हे' मुंबईच्या माझगाव डॉकमध्ये, जहाजं बांधतात तिथे, वेल्डर होते. 'शाल्की' पाणबुडीच्या कवचावर त्यांचे हात लागलेत. जर्मन नमुन्याची ही पाणबुडी भारतात बांधलेली पहिली, १९९२ साली नौदलात गेली. मी डोंबिवलीत पोळी-भाजी केंद्र चालवते, रोज दीडशे डबे. त्यामुळे एकाच नळकांड्यात आम्ही दोघांनी दोन वेगळ्या गोष्टी पाहिल्या. मी माझी सांगते, मधेमधे ह्यांची.

कुर्सुरा ही रशियन बनावटीची, 'फॉक्सट्रॉट' वर्गातली. लांबी ९१ मीटर, रुंदी साडेसात मीटर, माणसं ७५. डिसेंबर १९६९ मध्ये आपल्या नौदलात आली, फेब्रुवारी २००१ मध्ये निवृत्त झाली आणि ऑगस्ट २००२ मध्ये लोकांसाठी खुली झाली. समुद्रातून वाळूवर, आता आहे त्या जागी आणायचं अंतर अवघं ६०० मीटर, पण त्याला दीड वर्ष आणि साडेपाच कोटी रुपये लागले. हा आकडा ऐकल्यावर ह्यांच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा हसू आलं. 'पाण्यात ती हलकी, जमिनीवर आली की सासू,' असं काहीतरी पुटपुटले. मी ऐकलं नाही असं दाखवलं.

आत माहिती सांगायला नौदलातून निवृत्त झालेली माणसं आहेत आणि साडेचार तारे मुख्यतः त्यांना. पाठ केलेलं बोलत नाहीत. आम्हाला भेटले ते काका तेलुगू वळणाचं हिंदी बोलत होते. मुंबईत काही वर्षं काढलेली, त्यामुळे 'वहिनी, डोकं' एवढं मराठी प्रत्येक दाराशी. समोरच्या कप्प्यात पाणतीर, म्हणजे टॉर्पेडो, सोडायच्या सहा नळ्या, मागच्या टोकाला चार. एकूण २२ पाणतीर, किंवा त्यांच्या जागी ४४ सुरुंग. पोरांची गर्दी या नळ्यांपाशी होते, होऊ दे. तुम्ही चौथ्या कप्प्याकडे जा.

तिथे मुदपाकखाना आहे. माझ्या केंद्रातली भांडी घासायची मोरी यापेक्षा मोठी आहे. विजेवरची शेगडी, उघडी ज्योत नाही, कारण याच पाणबुडीच्या पोटात बॅटऱ्यांचे ढीग आहेत. त्या चार्ज होताना हायड्रोजन निघतो आणि एक ठिणगी पुरते. या एवढ्या जागेत ७५ जणांचं, पाळ्या चालू असल्यामुळे दिवसरात्र. मी काकांना विचारलं, पोळ्या कोण लाटत होतं? ते हसले आणि मग खरंच सांगत बसले. पहिले काही दिवस ताजी भाजी. कांदे-बटाट्याची पोती मिळेल तिथे, झोपायच्या फळीखाली, वाटेत. त्यावरून चालायचं आणि खात खात वाट मोकळी करायची. मग डबाबंद. कपडे धुणं नाही, आंघोळ जवळजवळ नाही, कारण गोडं पाणी आधी स्वयंपाकाला. आणि सगळ्या अन्नाला डिझेलचा वास. 'घरी गेल्यावर बायको आधी बादली दाखवायची,' म्हणाले.

कचऱ्याचं काय करायचे, हे मी विचारलं. बरोबरच्यांना हा प्रश्न हलका वाटला. काकांना नाही वाटला. कचरा वर तरंगला तर खाली पाणबुडी आहे हे शत्रूला कळतं, म्हणून पिशवीला वजन बांधून बुडवायचा. बटाट्याच्या साली गाव गोळा करू शकतात!

आता ह्यांची बाजू. ते भिंतीवर हात ठेवून उभे. आतून कवचाच्या बरगड्या दिसतात, गोल कड्यांसारख्या. मी म्हटलं, सगळं गोल का? तर म्हणाले, 'अगं, तुझा कुकर आतून ढकलतो, हा बाहेरून ढकलला जातो.' कुकरमध्ये शिट्टी होते तेव्हा आत साधारण एका चौरस सेंटिमीटरवर एक किलोचा जादा दाब असतो. समुद्रात दर दहा मीटरला तेवढाच वाढतो. २०० मीटर खाली गेलात की वीस कुकर, बाहेरून, प्रत्येक बोटभर जागेवर. म्हणून प्रत्येक सांध्याचा एक्स-रे काढायचा, हाडाचा काढतात तसा, आणि डाग दिसला की कोरून पुन्हा भरायचा. लग्नानंतरची कितीतरी वर्षं हा माणूस घरी येऊन गप्प का बसायचा, ते मला विशाखापट्टणमला कळलं.

पाणबुड्यांचे वर्ग मला आजवर परीक्षेच्या पुस्तकातल्या यादीसारखे वाटायचे. कुर्सुरात मला ते स्वयंपाकघराच्या भाषेत लागले. प्रश्न एकच: बाहेर तोंड काढायला केव्हा लागतं?

कुर्सुराला डिझेल इंजिनं तीन, विजेच्या मोटारी तीन. पाण्याखाली मोटारी, बॅटरीवर. बॅटरी भरायला डिझेल लावायचं तर हवा हवी, म्हणजे निदान एक नळी पाण्याबाहेर काढायला वर यायचं. संथ गेली तर खाली काही दिवस निघतात. जोरात पळवली तर बॅटरी तासाभरात धापा टाकते. ह्यांनी एक गोष्ट दाखवली. कुर्सुराचा वेग पाण्यावर १६ नॉट (जहाजांचा वेग याच मापात मोजतात) आणि पाण्याखाली १५. पुढचं टोकही बोटीसारखं. 'ही मुळात बोट आहे, बुडी मारता येणारी. आमच्या माझगावच्या नव्या, त्या खाली पळतात आणि वर रांगतात.' नवी 'कलवरी' ६७ मीटरच्या आसपास, म्हणजे कुर्सुरापेक्षा बरीच आखूड, माणसंही चाळीसच्या घरात, पण खाली २० नॉटपर्यंत जाते.

अशा डिझेल पाणबुडीचं युद्धातलं काम दबा धरायचं. बंदराच्या तोंडाशी, जहाजांच्या वाटेवर, मांजरासारखं. १९७१ च्या नोव्हेंबरात, युद्धाला तोंड फुटायच्या आधीच, कुर्सुरा अरबी समुद्रात गस्तीवर होती. समोरचं जहाज कुणाचं हे पक्कं ओळखल्याशिवाय हात उचलायचा नाही, असे हुकूम होते. कल्पना करा, कांद्याच्या पोत्यांवरून चालत, आंघोळ न करता, इतके दिवस, आणि मारायचं नाही. तिने काही बुडवलं नाही. काकांनी हे लपवलं नाही, मला ते आवडलं.

त्याच युद्धात दोन वर्गांतला फरक कसा दिसला ते बघा. पाकिस्तानकडे फ्रेंच 'डाफ्ने' वर्गाच्या पाणबुड्या होत्या, लहान, जवळच्या पल्ल्याच्या. त्या अरबी समुद्रातच राहिल्या. पैकी 'हंगोर'ने ९ डिसेंबरला दीवजवळ आपली 'खुकरी' ही युद्धनौका बुडवली. कप्तान महेंद्रनाथ मुल्ला जहाजाबरोबर गेले, १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिक गेले. उलट भारताला वळसा घालून थेट बंगालच्या उपसागरात यायचं, तर तेवढा पल्ला आणि तेवढा शिधा मावणारी त्यांच्याकडे एकच होती, 'गाझी'. दुसऱ्या महायुद्धातली अमेरिकन, वयाने म्हातारी. आपल्या 'विक्रांत' या विमानवाहू जहाजाच्या शोधात आली आणि ३-४ डिसेंबरच्या रात्री याच विशाखापट्टणमच्या तोंडाशी बुडाली. आपलं नौदल म्हणतं 'राजपूत' या युद्धनौकेने टाकलेल्या बॉम्बने, पाकिस्तान म्हणतं आतल्या स्फोटाने किंवा स्वतःच्या सुरुंगाने. कुर्सुराच्या बाहेर येऊन समुद्राकडे बघितलं की त्याच दिशेला ती अजून तळाशी आहे. त्यातही एक मुदपाकखाना असेल, हा विचार मला तिथे आला. मग मला फोटो काढावेसे वाटेनात.

फॉक्सट्रॉटची आणखी एक गोष्ट काकांनी इंजिनांच्या कप्प्यात सांगितली, तिथल्या उकाड्यात ती जास्त पटते. १९६२ साली क्युबावरून अमेरिका आणि रशियात पेच पडला होता, तेव्हा 'बी-५९' नावाची याच जातीची रशियन पाणबुडी अमेरिकन जहाजांनी घेरली. आत उकाडा चाळीसच्या वर, हवा संपत आलेली, बॅटरी उतरलेली आणि नळीत अणुबॉम्बचा एक पाणतीर. कप्तान सोडायच्या बेतात होता, वसिली अर्खिपोव नावाच्या अधिकाऱ्याने नाही म्हटलं. बॅटरी उतरल्यामुळे वर यावं लागलं आणि आली. माझ्या केंद्रात मे महिन्यात एक्झॉस्ट बंद पडला की दोन बायका भांडतात. तिथे ७०-८० पुरुष होते.

मग दुसरी जात, अणुऊर्जेवरची. तिला हवा लागत नाही, पाणी आणि प्राणवायू ती स्वतःच तयार करते. आपण १९८८ मध्ये रशियाकडून 'चक्रा' भाड्याने आणली होती, ती या जातीची. हिचं काम दबा धरणं नाही, पाठलाग. विमानवाहू जहाजाच्या मागे दिवसेंदिवस पळू शकते. आणि तिसरी, 'अरिहंत'सारखी, हिच्याही पोटात अणुभट्टी, पण वर अण्वस्त्रांची क्षेपणास्त्रं. हिने कुणाच्या मागे जायचं नाही, कुणाला सापडायचं नाही. नुसतं खाली आहे एवढं समोरच्याला ठाऊक असलं की झालं. तिने आयुष्यात एकही क्षेपणास्त्र सोडलं नाही तर ती यशस्वी. हे मला पटायला वेळ लागला.

मी काकांना विचारलं, मग या अणुवाल्यांना वर यायला लावतं काय? ते म्हणाले, 'राशन, वहिनी.' इंधन वर्षानुवर्षं पुरतं. डाळ-तांदूळ संपतात.

ह्यांच्याकडे मी असं बघितलं की काय सांगू.

दोन लहान गोष्टी. १९७५ नंतर काही वर्षं कुर्सुराचे भाग काढून दुसऱ्या पाणबुड्यांना लावत होते, मग दुरुस्त होऊन १९८२ मध्ये ती पुन्हा कामाला लागली. माझ्याकडचे दोन मिक्सर असेच चालतात, त्यामुळे मला तिच्याबद्दल वेगळी माया वाटली. आणि तिची सख्खी बहीण 'खांदेरी'. माझं माहेर थळ. दारातून खांदेरी-उंदेरी ही बेटं दिसतात, लहानपणी आम्ही वेताळाच्या जत्रेला होडीने जायचो. महाराजांच्या किल्ल्याचं नाव पाणबुडीला एकदा १९६८ मध्ये दिलं, मग माझगावला बांधलेल्या नवीला २०१९ मध्ये पुन्हा. काकांना हे सांगितलं तर म्हणाले, तुम्ही तिथल्या? आणि एका गोल दाराशी त्यांनी मला आधी जाऊ दिलं.

अर्धा तारा कापला तो कुर्सुराचा नाही, हॉर्नवाल्याचा. स्वतःच्या वेळेने जा, गर्दी पुढे जाऊ द्या, जमलं तर लहान मुलाला बरोबर न्या, कारण ती दारं त्यांच्याच मापाची आहेत.

रस्त्यापलीकडे नौदलाच्या तुपोलेव विमानाचंही संग्रहालय आहे. मी म्हटलं, चला. हे म्हणाले, 'त्यात माझा एकही सांधा नाही.' मी म्हटलं, ह्यातही नव्हता. मग आम्ही बीचवर मुरी मिक्श्चर घेतलं. कांदा जास्त, मीठ कमी. ह्यांनी माझंही संपवलं.