जाहिरातवाल्याचा कबुलीजबाब, स्वयंपाकघरापासून

डेव्हिड ऑगिल्वी यांचे 1963 साली प्रसिद्ध झालेले 'कन्फेशन्स ऑफ अ‍ॅन अ‍ॅडव्हर्टायझिंग मॅन' हे पुस्तक नावाने आत्मकथन वाटले, तरी त्याचा बराच भाग कॉपीरायटरसाठी, म्हणजे जाहिरातींचा मजकूर लिहिणाऱ्यांसाठी, लिहिलेल्या व्यवसायपाठांचा आहे. पॅरिसच्या हॉटेल मॅजेस्टिकमध्ये आचारी, स्कॉटलंडमध्ये दारोदार स्वयंपाकाच्या शेगड्या विकणारा विक्रेता आणि पुढे अमेरिकी जनमत-चाचणीतज्ज्ञ जॉर्ज गॅलप यांच्या जनमत-संशोधन संस्थेत काम, असा प्रवास करून 1948 मध्ये न्यूयॉर्कमध्ये स्वतःची जाहिरात एजन्सी काढणाऱ्या या माणसाचे सर्वांत जिवंत लेखन स्वयंपाकघराविषयीच आहे. ब्रिओश (लोणी-अंड्यांचे मऊ फ्रेंच पाव) सरळ फुगत नाहीत एवढ्यावरून मुख्य आचारी पितार एका सहकाऱ्याला कामावरून काढतात आणि ऑगिल्वी त्या कठोरपणातून एजन्सी चालवण्याचा धडा घेतात. तो धडा मला पटला नाही, पण प्रसंग विसरताही येत नाही.

मजकूर-लेखनावरील प्रकरण मात्र पुस्तकाची किंमत वसूल करून देते. ताशी 60 मैल वेगातही गाडीत सर्वांत मोठा आवाज विजेच्या घड्याळाचा असतो, या ऑगिल्वींच्या रोल्स-रॉईस जाहिरातीच्या मथळ्यामागे विशेषणांऐवजी नेमकी माहिती देण्याचा जो आग्रह आहे, तो येथे सविस्तर उलगडतो. मात्र नियम सांगतानाचा त्यांचा ठामपणा खटकतो, कारण न्यूयॉर्कमध्येच डॉयल डेन बर्नबॅक या एजन्सीने फोक्सवॅगनच्या जाहिरातींत, छोट्या गाडीभोवती पानभर रिकामी जागा सोडून, वेगळ्याच वाटेने यश मिळवले होते. ग्राहक मिळवण्याविषयीची प्रकरणे (थोडी बढाई सोडली तर) चाळली तरी चालतील.